कीटकांची शिरगणती



वसंत व्याख्यानमालेच्या व्यासपीठाला थोर विषयांची सवय आहे. न्यायमूर्ती रानडे यांनी १८७५ साली पुण्यात ह्या उपक्रमाचा पाया घातला. तेव्हापासून गावोगावच्या अशा मालांत समाजसुधारणा, इतिहास, अर्थकारण, संतवाङ्मय ह्या विषयांवर विद्वानांनी आपली वाणी झिजविली. त्याच ठिकाणी उभे राहून आम्ही आज कीटकांवर बोलणार आहोत. विषयाचे नाव ऐकून कित्येकांच्या चेहऱ्यावर स्मित उमटले असेल, तर त्यात त्यांचा दोष नाही. आपल्या भाषेनेच ह्या जिवांना फारसा मान दिलेला नाही. दुष्काळात, साथीत माणसे किड्यामुंगीसारखी मेली, असे आपण म्हणतो. म्हणजे इतकी मेली, की कोणी मोजलीदेखील नाहीत. परंतु किडेमुंग्याच किड्यामुंगीसारख्या मरू लागल्या तर त्याला काय म्हणावे, ह्याची तरतूद मात्र भाषेने केलेली नाही.

आमचा आजचा विषय हाच आहे: ज्यांना कोणी मोजत नाही त्यांची मोजणी. ती कोणी केली, तीतून काय निघाले, ते जगाच्या कानी घालण्यासाठी एका जीवशास्त्रज्ञाने काय खटपट केली, आणि ह्या सर्वांचा तुमच्याआमच्या ताटातील अन्नाशी काय संबंध, एवढे सांगण्याचा आमचा विचार आहे.

प्रथम कीटकांची थोरवी थोडक्यात सांगणे अवश्य आहे. शास्त्रज्ञांनी आजवर नावे देऊन नोंदविलेल्या कीटकांच्या जाती सुमारे दहा लाख भरतात. ज्ञात प्राण्यांच्या जातींपैकी निम्म्याहून अधिक जाती एकट्या कीटकांच्या आहेत. ह्या दहा लाखांतून डास, ढेकूण, टोळ, बोंडअळी अशी उपद्रवी मंडळी निवडून काढली, तर ती मूठभर भरतील. बाकीचे सारे आपापल्या कामात गढलेले असतात. आणि त्यांचे काम बंद पडल्याशिवाय ते चालू होते हे आपल्याला कळत नाही.

दोन उदाहरणे देतो. आपल्या वाण्याच्या दुकानात आज जे पामतेल मिळते, त्याचे झाड मूळचे पश्चिम आफ्रिकेतले. मलायात त्याच्या मोठमोठ्या बागा उठल्या. झाडे फोफावली, पण फळ नीट धरेना. मजूर लावून हातांनी फुलोऱ्यावर पराग शिंपडावे, तेव्हा घड भरत. पुष्कळांना वाटे, ह्या झाडाचे परागीभवन वारा करतो. प्रत्यक्षात आफ्रिकेत ते काम एक चिमुकला सोंड्या करीत होता. १९८१ साली कॅमेरूनमधून हा सोंड्या आणून मलेशियाच्या बागांत सोडला, आणि हजारो मजुरांचे काम त्याने फुकटात अंगावर घेतले. दुसरे उदाहरण ऑस्ट्रेलियाचे. तेथे युरोपियनांनी गाईबैल नेले. पण गाईचे शेण मातीत मिसळणारे शेणकिडे काही बरोबर नेले नाहीत. तेथील मूळच्या शेणकिड्यांना कांगारूच्या सुक्या लेंड्यांची सवय. गाईच्या ओल्या पोवट्याला ते तोंड लावीनात. शेण कुरणांवर तसेच पडून वाळू लागले, त्याखालचे गवत मरू लागले, त्यात माशांचे थवे माजले. शेवटी १९६८ पासून सरकारी शास्त्रज्ञांनी आफ्रिका आणि युरोप येथून शेणकिडे आणवून सोडले, तेव्हा कुठे कुरणे मोकळी होऊ लागली. ज्याला आपण पायाने बाजूला सारतो, त्याला एका संपन्न देशाने विमानाने बोलावून घेतले, हे ध्यानात ठेवण्याजोगे आहे.

आता मोजणीकडे वळू. पश्चिम जर्मनीत, ऱ्हाइन नदीच्या काठी, हॉलंडच्या सरहद्दीजवळ क्रेफेल्ड नावाचे शहर आहे. तेथे १९०५ साली स्थापन झालेले एक कीटकमंडळ आहे. ही काही विद्यापीठाची शाखा नव्हे. तिचे बहुतेक सभासद आपापला व्यवसाय सांभाळून फावल्या वेळात कीटक जमविणारे, त्यांची नावे ठरविणारे हौशी लोक. आपल्याकडे जशी भजनी मंडळे असतात, नाट्यमंडळे असतात, तसे हे कीटकमंडळ. ह्या लोकांनी १९८९ पासून एक शिस्त पाळली. राखीव निसर्गक्षेत्रांत ते एका ठरावीक मापाचा, ठरावीक कापडाचा, ठरावीक रीतीने उभा केलेला तंबू लावीत. हा तंबू म्हणजे कीटकांचा सापळा. रेने मालेझ नावाच्या स्वीडिश कीटकशास्त्रज्ञाने तो शोधून काढला. प्रवासात त्याच्या असे ध्यानात आले, की तंबूत शिरलेले किडे उघड्या दाराकडे जात नाहीत. ते वर वर चढत जाऊन छताच्या कोपऱ्यात जमतात. मग त्या कोपऱ्यातच बाटली लावली तर? ही कल्पना त्याने १९३४ साली ब्रह्मदेशाच्या मोहिमेत वापरून पाहिली. तेव्हा ब्रह्मदेश हिंदुस्थानच्याच कारभाराखाली होता; म्हणजे ह्या साधनाचा जन्म एका अर्थाने आपल्याच ओसरीवर झाला म्हणावयाचा.

क्रेफेल्डच्या मंडळींनी ह्या बाटल्यांतील माल गाळून, निथळून, तराजूत घालून तोलला आणि वहीत लिहून ठेवला. असे त्यांनी २०१६ पर्यंत केले. एकूण ६३ ठिकाणे, दीड हजारांवर नमुने, आणि सर्व मिळून वजन किती? साडेत्रेपन्न किलो. सत्तावीस वर्षांच्या कष्टांचे फळ एका माणसाच्या वजनाएवढेही नाही! पण ह्या साडेत्रेपन्न किलोंनी जगाची झोप उडविली. नेदरलँड्समधील नायमेखन येथील विद्यापीठाच्या शास्त्रज्ञांनी ह्या वह्यांचे गणित मांडले आणि ऑक्टोबर २०१७ मध्ये ते प्रसिद्ध केले. उडणाऱ्या कीटकांचे वजन सत्तावीस वर्षांत सरासरी ७६ टक्क्यांनी घटले होते. ऐन उन्हाळ्यात, म्हणजे जेव्हा युरोपात कीटकांची सुगी असते तेव्हा, घट ८२ टक्के होती. आणि हे कोठे? कारखान्याच्या आवारात नव्हे, रस्त्याच्या कडेला नव्हे. मुद्दाम राखून ठेवलेल्या निसर्गक्षेत्रांत.

ह्या निबंधाच्या लेखकांत एक नाव होते डेव्ह गुल्सन ह्यांचे. आज ज्यांच्याविषयी विशेष सांगावयाचे ते हेच. गुल्सन हे इंग्लंडमधील ससेक्स विद्यापीठात जीवशास्त्राचे प्राध्यापक. जन्म १९६५ चा. त्यांचे सारे आयुष्य बंबलबी ह्या माशीच्या अभ्यासात गेले. ही माशी आपल्या पठारावर नाही, हिमालयात आहे. आपल्या भुंग्याएवढी टपोरी, अंगभर मऊ केस, आणि थंडीवाऱ्यातही कामावर जाणारी. उडण्याचे स्नायू थरथरवून ती स्वतःचे अंग तापवून घेते. म्हणून इतर माशा पोळ्यात बसून असतात त्या वेळी ही फुलावर असते. टोमॅटोच्या फुलाला धरून ती असा काही गुंजारव करते, की त्या कंपनानेच पराग खाली झडतात. युरोपातील काचघरांत टोमॅटो पिकविणारे १९८० नंतरच्या दशकाच्या अखेरीपासून ह्या माशांची पोळी विकत घेऊन ठेवतात.

गुल्सन ह्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९८ साली एक मौजेची गोष्ट प्रसिद्ध केली. ही माशी फुलाजवळ येते, क्षणभर घुटमळते, आणि कित्येकदा न बसताच निघून जाते. का? तर आधी येऊन गेलेल्या माशीच्या पायांचा वास त्या फुलाला लागलेला असतो. ‘येथला मध संपला’ ही पाटी तिला त्या वासावरून वाचता येते. वास जसा विरतो तसा फुलात मध पुन्हा भरतो, आणि माशा पुन्हा येऊ लागतात. असले बारीक संशोधन करणारा मनुष्य प्रयोगशाळेत सुखाने म्हातारा झाला असता. परंतु गुल्सन ह्यांच्या एक गोष्ट ध्यानात येत गेली: ज्यांचा आपण अभ्यास करीत आहोत, त्याच दिसेनाशा होत आहेत. इंग्लंडात फुलांनी भरलेली जी गवती कुरणे १९३० च्या सुमारास होती, त्यांपैकी सुमारे ९७ टक्के पुढच्या अर्धशतकात नांगरली गेली. आखूड केसांची म्हणून ओळखली जाणारी एक जात १९८८ साली शेवटची दिसली, आणि २००० साली ती इंग्लंडातून नाहीशी झाल्याचे जाहीर झाले.

तेव्हा २००६ साली गुल्सन ह्यांनी बंबलबीच्या संरक्षणासाठी एक सार्वजनिक संस्था काढली. शास्त्रज्ञाने सभासदांची वर्गणी गोळा करावी, शाळांतून बोलावे, शेतकऱ्यांच्या बांधावर जाऊन फुलांचे बी पेरा म्हणून विनवावे, हे विद्यापीठातल्या रीतीला धरून नव्हते. पण त्यांनी ते केले. ती नाहीशी झालेली जात १८८५ साली इंग्लंडातून न्यूझीलंडला नेलेली होती, तेथील तांबड्या क्लोव्हर गवताला बी धरावे म्हणून. तिचे वंशज परत आणण्याचा बेत झाला, तो फसला. मग २०१२ पासून स्वीडनमधून राण्या आणून सोडल्या. ती जात काही पुन्हा रुजली नाही. परंतु तिच्यासाठी म्हणून शेतकऱ्यांनी जी फुले लावली होती, त्यांवर त्या भागातून गेलेल्या दुसऱ्या दुर्मिळ जाती परत आल्या. पाहुण्यासाठी स्वयंपाक केला, पाहुणा आला नाही, पण पंगत उपाशी राहिली नाही, असा हा प्रकार झाला.

त्यांचे सर्वांत गाजलेले काम २०१२ सालचे. इमिडाक्लोप्रिड नावाचे एक कीटकनाशक आहे. ते बियाण्याला चोळतात. झाड वाढते तसे ते मुळापासून पानापर्यंत भिनते, आणि फुलातील मधात व परागातही अल्पांशाने उतरते. त्या अल्पांशाने माशी मरत नाही. म्हणून ते निर्धोक, असा निर्वाळा दिला जात असे. गुल्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ७५ पोळी घेतली. काहींना दोन आठवडे शेतात आढळते तेवढेच विष अन्नातून दिले, काहींना शुद्ध अन्न दिले, आणि मग सर्वांना सहा आठवडे मोकळ्या रानात ठेवले. विष मिळालेली पोळी वजनाने थोडीच हलकी भरली. पण राण्यांची मोजणी केली तेव्हा फरक कळला. शुद्ध अन्नाच्या पोळ्यात सरासरी चौदाच्या आसपास नव्या राण्या, तर विषाच्या पोळ्यात दोन किंवा त्याहून कमी. ८५ टक्क्यांची तूट! आता ह्या माशीच्या पोळ्याची रीत अशी, की हिवाळ्यात सारे पोळे मरते. फक्त नव्या राण्या जमिनीत झोपून राहतात आणि पुढच्या वसंतात एकेक राणी एकेक नवे पोळे मांडते. राणी नाही तर पुढले साल नाही. माशी मेली नव्हती, तिचे भविष्य मेले होते.

ह्या व अशा इतर प्रयोगांवरून युरोपीय संघाने २०१३ साली ह्या जातीच्या तीन औषधांवर निर्बंध घातले आणि २०१८ साली उघड्या शेतात त्यांचा वापर बंद केला. तरीही लढा एकदाच जिंकून भागत नाही. इंग्लंडात साखरेच्या बीटासाठी खास बाब म्हणून २०२२, २०२३ आणि २०२४ ह्या तिन्ही साली त्यांपैकी एका औषधाला परवानगी मिळाली; २०२५ साली ती नाकारण्यात आली. गुल्सन ह्यांनी ‘सायलेंट अर्थ’ हे पुस्तक २०२१ साली लिहिले. त्याचे नाव रेचेल कार्सन ह्या विदुषीच्या १९६२ सालच्या ‘सायलेंट स्प्रिंग’ची आठवण करून देते. तीही जीवशास्त्रज्ञच होती आणि तिनेही प्रयोगशाळेची भाषा सोडून लोकांच्या भाषेत लिहिले.

येथे एखादा चिकित्सक श्रोता म्हणेल, ‘हे सारे अतिशयोक्त तर नाही ना?’ प्रश्न रास्त आहे, आणि त्याला टाळणे म्हणजे शास्त्राशी प्रतारणा होईल. ह्या विषयात अतिशयोक्ती झालेली आहे. मधमाश्या नाहीशा झाल्या तर माणूस चार वर्षांत मरेल, असे आइन्स्टाइन म्हणाल्याचे सर्वत्र छापले जाते. तो असे कधी म्हणाल्याचा पुरावा नाही. आणि तांदूळ, गहू, ज्वारी ह्यांना मधमाशी लागत नाही हे कोणाही शेतकऱ्याला ठाऊक आहे. २०१९ साली एका निबंधाने ७३ अभ्यासांचा आढावा घेऊन जगातील चाळीस टक्के जाती संकटात असल्याचे सांगितले. पण त्यासाठी अभ्यास शोधतानाच ‘घट’ हा शब्द घालून शोधले होते. रडणाऱ्यांनाच गोळा केले तर सारे जग रडते आहे असे दिसावयाचेच. खुद्द क्रेफेल्डच्या कामातही एक उणीव होती: बहुतेक ठिकाणी दरवर्षी तंबू लागलेला नव्हता.

मग खरे काय? तीच ठिकाणे पुन्हापुन्हा तपासून केलेली दुसरी मोजणी जर्मनीतच झाली. २००८ ते २०१७ ह्या दहा वर्षांत सुमारे तीनशे ठिकाणी केलेल्या ह्या पाहणीत गवताळ भागातील कीटक-कोळ्यांचे वजन ६७ टक्के आणि जंगलातील ४१ टक्के घटल्याचे दिसले. आणि २०२० साली जगभरच्या १६६ दीर्घकालीन नोंदी एकत्र करून जे गणित झाले, त्यात जमिनीवरील कीटक दर दहा वर्षांस सुमारे ९ टक्के घटत असल्याचे निघाले. हा आकडा क्रेफेल्डपेक्षा पुष्कळ सौम्य आहे. पण दहा वर्षांस नऊ टक्के, म्हणजे तीस वर्षांत जवळजवळ चौथा हिस्सा. उलट त्याच गणितात गोड्या पाण्यातील कीटक दर दहा वर्षांस सुमारे ११ टक्के वाढलेले दिसले. नद्यांत घाण सोडण्यास बंदी करणाऱ्या कायद्यांचे हे फळ असावे, असा शास्त्रज्ञांचा कयास आहे. ह्या एका आकड्यात आम्हांस सर्वांत मोठा धीर वाटतो. कीटकांची पिढी लहान, वीण मोठी. विष काढून घ्या, जागा द्या, ते परत येतात. हत्तीसारखी शंभर वर्षे थांबावे लागत नाही.

हे झाले युरोपचे. आपल्याकडे काय? दीर्घकाळच्या तोलाच्या, मापाच्या नोंदी आपल्या देशात फार थोड्या आहेत. आणि नोंद नसली की घट दिसत नाही, ह्याचा दाहक अनुभव आपण गिधाडांच्या बाबतीत घेतला आहे. १९९० नंतरच्या दशकात आपली गिधाडे शेकडा नव्वदांहून अधिक नाहीशी झाली. जनावरांना देण्याचे डायक्लोफेनॅक हे औषध त्याचे कारण, हे २००४ साली प्रसिद्ध झाले, आणि २००६ साली सरकारने जनावरांसाठी त्याला बंदी केली. गिधाडासारखा पाच हात पंखांचा पक्षी डोक्यावरून नाहीसा होईपर्यंत आपल्या ध्यानात आले नाही; तेथे नखाएवढ्या माशीची काय कथा!

कीटकनाशकांचा प्रश्न तर आपल्या अंगणातला आहे. २०१७ च्या पावसाळ्यात यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन वीसहून अधिक शेतकरी आणि शेतमजूर दगावले. शेकडो इस्पितळांत पडले. कपाशी माणसाएवढी वाढलेली, बोंडअळीची धास्ती, दोन-तीन औषधे एकत्र कालवलेली, तोंडाला फडके. सल्ला कोण देणार? कृषिसेवा केंद्राचा दुकानदार. आणि त्याचे पोट तर औषधाच्या विक्रीवर. ह्या प्रसंगी शेतकऱ्याला दोष देणे म्हणजे बुडणाऱ्याला पोहता येत नाही म्हणून रागे भरणे होय. परंतु जे औषध माणसाला आडवे करते, ते त्या शेतातील मधमाशीला, ढालकिड्याला, कोळ्याला काय करीत असेल, ह्याचा हिशेब कोणी मांडला नाही.

‘पण औषध मारले नाही तर पीक हातचे जाते, त्याचे काय?’ असे शेतकरी विचारील, आणि तो त्याचा अधिकार आहे. त्याला उत्तर युरोपातून आणण्याची गरज नाही. ते इंडोनेशियातून मिळते. तेथे भातावर तुडतुड्यांचा अनर्थ माजला होता. जितकी फवारणी अधिक तितके तुडतुडे अधिक, असा उलटा प्रकार. कारण असे, की तुडतुड्याची अंडी झाडाच्या आत सुरक्षित असतात, आणि औषधाने मरतात ते त्याला खाणारे कोळी आणि किडे. शिपाई मेले, चोर शाबूत! १९८६ साली तेथील सरकारने भातावरील ५७ औषधे एका फटक्यात बंद केली, औषधांना दिलेले सरकारी अनुदान टप्प्याटप्प्याने काढून घेतले, आणि शेतकऱ्यांना शेतात उतरून किडे ओळखण्याचे शिक्षण देण्यास आरंभ केला. भाताचे उत्पन्न घटले नाही. आमच्या मते ह्यातील मर्म औषधबंदीपेक्षा त्या शिक्षणात अधिक आहे. मित्र कोण आणि शत्रू कोण हे ज्याला ओळखता येते, त्याचा हात पंपाकडे उगाच जात नाही.

मधमाश्यांच्या बाबतीत आपण भाग्यवान. आग्या मोहोळ, सातेरी, फुलोरी आणि डंख नसलेली कोती माशी अशी चार घराणी महाराष्ट्रात नांदतात. मधमाश्यांच्या संशोधनाची केंद्रीय संस्था १९६२ पासून पुण्यात आहे, आणि महाबळेश्वराजवळचे मांघर २०२२ साली मधाचे गाव म्हणून जाहीर झाले. पण शहरात काय चालते? इमारतीच्या छज्जाला आग्या मोहोळ लागले, की औषधवाल्याला बोलावून ते रात्रीत मारून टाकतात. डेंग्यूच्या दिवसांत धुराची गाडी गल्लीतून फिरते. तिने उडते डास थोडे मरतात, पाण्यातील अळ्या मुळीच मरत नाहीत, आणि कुंपणावरचे इतर सारे किडे मात्र सापडतात. कुंडीखालची बशी, कूलरची टाकी, गच्चीवरचे जुने टायर आठवड्यातून एकदा कोरडे करणे हा धुरापेक्षा खात्रीचा उपाय. पण त्यात देखावा नाही, म्हणून तो कोणाला नको असतो.

आणखी एक कारण आहे, ते म्हणजे उजेड. मृगाच्या आधी भंडारदऱ्याच्या परिसरात हिरडा, बेहडा, सादडा ह्या झाडांवर काजवे फुलतात. तो प्रकाश म्हणजे त्यांचे लग्नाचे निमंत्रण. तेथे मोटारींचे दिवे आणि हातातील बॅटऱ्या पाजळल्या, तर निमंत्रण पोहोचावयाचे कसे? २०२१ साली इंग्लंडात प्रसिद्ध झालेल्या एका पाहणीत रस्त्याच्या दिव्यांखालच्या झुडपांत पतंगांच्या अळ्या अंधाऱ्या झुडपांपेक्षा ४७ टक्के कमी आढळल्या, आणि नव्या पांढऱ्या एलईडी दिव्यांखाली परिस्थिती अधिकच वाईट होती. रात्र ही जिवांची गरज आहे, हे आपण विसरत चाललो आहोत.

आता शेवटचा प्रश्न: सामान्य नागरिकाने करावे तरी काय? प्रथम, लोकांच्या आवाजाने काही होत नाही, ही समजूत सोडावी. जर्मनीच्या बव्हेरिया प्रांतात २०१९ च्या आरंभी ‘मधमाश्या वाचवा’ अशी लोकमागणी निघाली. तेथील कायद्याप्रमाणे मतदाराने स्वतः कचेरीत जाऊन सही करावी लागते. ऐन थंडीत, पंधरवड्याच्या आत साडेसतरा लाख लोकांनी रांगा लावून सह्या केल्या. प्रांताच्या विधिमंडळाला त्याच वर्षी ती मागणी कायद्यात उतरवावी लागली. क्रेफेल्डच्या हौशी मंडळाचा तराजू आणि गुल्सन ह्यांच्यासारख्यांची वाणी ह्यांच्यावाचून ती रांग लागली नसती.

आपल्या हातात दोन गोष्टी आहेत. एक, जागा देणे. २०१५ साली महाराष्ट्राने ब्ल्यू मॉर्मन ह्या निळ्या-काळ्या मोठ्या फुलपाखराला राज्याचे फुलपाखरू म्हणून मान दिला. असे करणारे हे पहिले राज्य. पण त्याची अळी लिंबाच्या कुळातील झाडांची पाने खाते, आणि आपल्या परसातील लिंबावर अळी दिसली, की आपण औषध मारतो. बापाला सिंहासन आणि लेकराला विष, असा हा न्याय आहे! चार पाने कुरतडू द्यावीत. लिंबू मरत नाही. नगरपालिकेच्या बागेचा एखादा कोपरा न कापता, न फवारता ठेवावा; तेथे टाकळा, तेरडा, रुई आपोआप येतात, आणि त्यांच्यामागून फुलपाखरे येतात.

दुसरी गोष्ट मोजणीची. तिला पैसा लागत नाही, पदवी लागत नाही. एक जागा, एक वेळ, एक वही. दर आठवड्याला ठरल्या वेळी एखाद्या फुलझाडासमोर दहा मिनिटे बसावे आणि किती किडे आले ते लिहावे. नाव येत नसेल तर माशी, भुंगा, फुलपाखरू, मुंगी एवढे पुरे. पहिल्या पावसानंतर दिव्यावर येणाऱ्या पंखवाल्या वाळवीची तारीख लिहावी. मृगाचा किडा शेतात केव्हा दिसला ते लिहावे. तो वस्तुतः कीटक नव्हे, त्याला आठ पाय असतात. पण आपल्या शेतकऱ्याच्या पंचांगात त्याला जागा आहे, तेव्हा आपल्या वहीतही असावी. आमची सूचना अशी आहे, की अशी एक वही ह्या गावच्या वाचनालयात ठेवावी. शाळेतील मुलांनी, निवृत्त मंडळींनी तीत भर घालावी, आणि दर वर्षी ह्याच व्याख्यानमालेत तिचा गोषवारा पाच मिनिटांत वाचून दाखवावा. पहिली पाच वर्षे त्यातून काहीच निघणार नाही, हे आधीच सांगून ठेवतो. क्रेफेल्डच्या लोकांनाही पहिल्या पाच वर्षांत काही दिसले नसते. एका वर्षाचा आकडा म्हणजे नुसती गंमत, वीस वर्षांचे आकडे म्हणजे साक्ष. आज शाळेत असलेला मुलगा चाळिशीला येईल तेव्हा त्याने कोणाच्या साक्षीवर बोलावे, हा खरा प्रश्न आहे. ‘आमच्या लहानपणी खूप फुलपाखरे असत’ ह्या म्हाताऱ्यांच्या बोलण्यावर, की वहीतल्या आकड्यांवर?

जे मोजले जात नाही ते गेले तरी गेल्याचे कळत नाही, आणि कळत नाही म्हणून त्याचा शोकही होत नाही. एका शहरातील हौशी माणसांनी तराजू हाती घेतला आणि हे अज्ञान दूर केले. आपल्या गावात तेवढी चिकाटी नाही, असे म्हणण्यास आम्ही तयार नाही.